दारांचा पूल

फार पूर्वीची गोष्ट. दारं सागाची होती की फणसाची, हे सांगणाऱ्याला आता नीट आठवत नाही. नदी होती, एवढं नक्की.

नदीकाठच्या एका गावात एक सुतार राहत होता. युद्ध आलं. फौजेनं नदीत खुंट रोवले, गावातली सगळी दारं उचकटली आणि खुंटांवर अंथरून पूल केला. त्या पळापळीत सुताराची लहानगी लेक पलीकडच्या काठाला राहिली.

युद्ध संपलं. लोक परतले. सुतारानं पलीकडे जाऊन शोधलं, पण लेकीचा पत्ता लागला नाही. बिनदाराच्या घरांतून धुकं ये-जा करू लागलं.

पाटील म्हणाले, "सुतारा, पूल मोड. ज्याचं दार त्याला दे. उद्या पलीकडचे चाल करून आले म्हणजे?"

सुतार पहार घेऊन निघाला. पुलाच्या मधोमध त्याचं स्वतःचं दार होतं. त्याच्या कडेला लेकीच्या उंचीच्या खुणा होत्या, त्यानंच पटाशीनं कोरलेल्या. पहार बाजूला ठेवून तो तिथंच बसला.

लाकडं वेचणारी म्हातारी मागून आली. "काय रे, दमलास?"

"दार न्यायला आलो, आजी. घर बंद करायला हवं."

"मेल्या, तू सुतार ना? नुसतं बंदच करायचं असतं, तर तिथं भिंत नसती घातली?"

सुतार पहार खांद्यावर टाकून परतला. पाटलांना म्हणाला, "पूल राहू द्या. मी सगळ्यांना नवी दारं करून देतो. माझं शेवटी."

"आणि शत्रू आला तर?"

"आला तर आपलीच दारं वाजतील, पाटील. ऐकू येईल."

हिवाळाभर तो रंधा मारत राहिला. संध्याकाळी पुलावर पावलं वाजत. मग गावात कुणीतरी म्हणे, "हे आमचं दार!" आणि कोण आलं ते बघायला धावे. कुणाचा भाऊ येई, कधी पलीकडचा मीठवाला.

एका संध्याकाळी धुक्यात एक दार कुरकुरलं. ती कुरकुर सुतारानं झोपेतही ओळखली असती. तो धावला. पलीकडची एक बाई त्याच्या लेकीचं बोट धरून उभी होती.

"इतके दिवस माझ्याकडेच होती," बाई म्हणाली. "पूल उभा दिसला, म्हणून धीर झाला."

पोर बोट सोडवून दारावर आडवी झाली, खुणांना अंग लावून.

"बाबा, बघा ना! मी खुणेच्या वर गेले!"

तात्पर्य, सांगणाऱ्याचं चुकत नसेल तर, एवढंच: भीतीपोटी वाट मोडू नये, आपलं माणूसही त्याच वाटेनं यायचं असतं.

आणि दारं फणसाचीच होती. बऱ्याच वर्षांनी सांगणाऱ्यानं तिथं जाऊन खात्री केली. आता पूल दगडी आहे, पण मधोमध एक पिवळसर फळी बसवलेली आहे. दोन्ही काठांची पोरं तिच्यावर आडवी होऊन आपली उंची मोजतात.