एक नाव, एक माणूस

मोरव्याच्या तुळाजी सुतारानं पायानं चालणारं पोहे कांडायचं यंत्र केलं. ते दुसऱ्या कुणी करून विकू नये, अशी सनद संस्थानानं त्याला दिली. पुढं तुळाजी तापानं गेला, आणि सनद आपल्याकडं चालवून घ्यायला त्याची बायको गोजराबाई कचेरीत आली.

कारकुनानं नवऱ्याचं नाव विचारलं. ते तोंडानं घ्यायची रीत नव्हती, म्हणून तिनं दिवाणांशेजारी लोडाला टेकलेल्या इनामदारांकडं बोट केलं. "त्यांचं जे नाव, तेच ह्यांचं."

इनामदारही मोरव्याचेच, तुळाजी मोरवेकर; सनदेवर सुताराचं नावही तसंच लिहिलं होतं. यंत्राला गावोगाव गिऱ्हाईक होतं, हे त्यांना ठाऊक होतं.

"ऐकलंत, दिवाणसाहेब? सनदेवर माझं नाव आहे, ही बाईच सांगते. दप्तरात एक नाव म्हणजे एक माणूस. सनद माझी."

दिवाण इनामदारांच्या पंगतीला नेहमीचे. "दप्तरापुढं आमचं काही चालत नाही," ते म्हणाले. "बाई, तुझं म्हणणं?"

"माझं काय असायचंय?" गोजराबाईनं पदर सावरला. "त्याच नावाचा माणूस मार्गशीर्षात वारल्याचं याच दप्तरात लिहिलंय. वारस बायको, म्हणजे मी. माणूस एकच, तर वारले ते हेच. मग सनद माझी, यांची जमीन माझी, तबेल्यातली घोडीही माझी. तेवढा हुकूम द्या, घोडी आत्ताच नेते."

दिवाणांनी इनामदारांकडं पाहिलं.

"सुतार निराळा," इनामदार घाईनं म्हणाले. "मी जिवंत आहे."

"बरं झालं," गोजराबाई म्हणाली. "दुसऱ्यांदा सुतक धरायचं माझ्या जिवावर आलं होतं."