खरपुडीचा कंदील

ही गोष्ट खरी आहे, गळ्याशपथ. मी या डोळ्यांनी पाहिली आहे. म्हणजे, घडली तेव्हा माझे वडीलही जन्मले नव्हते, पण पाहिली आहे. आता पाय पांघरुणात घ्या.

एक होता माळ. वर गवत, खाली कातळ. त्या गवतात खरपुडी उगवायची. इवलंसं झाड, जमिनीत बटाट्यासारखा कंद आणि वर फूल, थेट कंदिलासारखं. खाली फुगीर, वर पाकळ्यांची टोकं एकमेकींना चिकटलेली. मधल्या फटींतून तिळाएवढी चिलटं आत शिरायची. आत सगळी लव खाली वळलेली. जायला वाट, यायला नाही. बसली कोंडून. मग दोन-तीन दिवसांनी लव सुकायची, फूल मान टाकायचं आणि चिलटं अंगाला पिवळी धूळ लावून दुसऱ्या कंदिलाकडे निघायची.

ती पिवळी धूळ म्हणजे झोप, बरं का. जाता जाता चिलटं पोरांच्या पापण्यांवर थोडी सांडून जायची.

म्हणून माळावरच्या धनगरांचे दोन नियम होते. कंदील उभा असेपर्यंत कंद खणायचा नाही. आणि खणलाच, तर कंदाचा वरचा डोळा, जिथून कोंब फुटतो तो, कापून परत खड्ड्यात पुरायचा.

तिथे भिवरा नावाची बाई राहायची. नवरा गेलेला, पदरात एक पोर, ठकू. कंद शोधण्यात भिवराचा हात कोणी धरत नसे.

मग दुष्काळ पडला. पहिल्या वर्षी ठकू भुकेनं रडली, तेव्हा भिवरानं उभा कंदील खणला. डोळा तेवढा पुरला. फूल चुलीत गेलं, आतल्या चिलटांसकट. लोकांनी पाहिलं, तेही खणू लागले. दुसऱ्या वर्षी डोळाही शिजला. तिसऱ्या वर्षी माळावर नुसते खड्डे.

आणि पोरांची झोप उडाली. आधी अर्धी, मग डुलकीपुरती उरली, मग तीही गेली. ठकूचे डोळे माशासारखे उघडेच. दोन पोरं तर त्यातच गेली. ठकूही सुकत चालली.

भिवरानं सगळा माळ पालथा घातला. एका दगडाच्या आडोशाला एकच कंदील सापडला. उभा. कान लावला तर आत बारीक भुणभुण. म्हणजे लांब कुठेतरी दुसराही असणार, चिलटं तिथूनच आली होती. ठकूला मांडीवर घेऊन भिवरा तिथेच बसली.

पहिल्या दिवशी तिचीच शेळी फूल खायला आली. तिनं हाकलली. दुसऱ्या दिवशी ठकूनंच कंद मागितला. भिवरानं मान फिरवली. तिसऱ्या दिवशी तिचा दीर आला, सुबराव, हातात पहार. गेलेल्या दोघांतलं एक पोर त्याचं होतं, आणि राहिलेली उपाशी होती.

"उठा, वहिनी."

"त्याला मान टाकू द्या, भावजी. मग हवं तर मला खणा."

"तुमच्या हाडांना काय चव असणार," सुबराव म्हणाला. "आणि उभा कंदील खणायला तुम्हीच शिकवलंत."

"म्हणून तर बसलेय."

मग सुबराव पहार मांडीवर घेऊन बसला. ऊन कललं. फुलानं मान टाकली. पाच चिलटं निघाली, ठकूच्या पापण्यांवर टेकली आणि उडाली. ठकू झोपली.

कंद कोणी खणला नाही. फुलाच्या जागी बैलाच्या शिंगांसारख्या दोन शेंगा धरल्या. त्या तडकल्या, रेशमी शेपट्यांचं बी वाऱ्यावर माळभर पसरलं. एक बी ठकूच्या नाकाला लागलं. ती शिंकली, उठली आणि म्हणाली, भूक लागली. मग पाऊस आला, गवत आलं, शेळ्यांना दूध आलं. जेवढे उरले होते, तेवढे सुखानं राहिले.

यातलं खोटं एवढंच: सुबराव थांबला, हे मी घातलं. पोरं उपाशी असताना पहार हातात घेतलेला बाप थांबला, असं मला कोणी सांगितलेलं नाही.

पण माळावर कंदील तर अजून दिसतात. तेव्हा कोणीतरी थांबलं असणारच. कोण, ते उद्या तुम्ही मला सांगा. आता मिटा डोळे. चिलटं आली दारात.