पाण्याकडचा रिकामा खड्डा

कोसमघाटला वैनगंगेच्या पात्रात उतरलात की उजव्या अंगाला टरबुजांच्या वाड्या लागतात. पुराचं पाणी ओसरलं की इथल्या मासेमार ढिवरांच्या बायका वाळूत ओळीनं खड्डे खणतात, त्यात खतमाती घालून बी टोकतात, आणि चैत्रापर्यंत सगळी वाळू हिरवी होऊन जाते. पण नीट बघा. प्रत्येक वाडीत पाण्याच्या बाजूला एक खड्डा रिकामा दिसेल. त्यात बी नाही, खत नाही. काट्यांचं कुंपणही तेवढ्या जागी हातभर उघडं ठेवलेलं असतं. इतकी ओलाव्याची जागा वाया का घालवता, असं येणारा प्रत्येक पाहुणा विचारतो. त्यात पाय तेवढा टाकू नका, आणि इथे बसून ऐका.

फार मागची गोष्ट. या घाटावर सायत्रा नावाची ढिवरीण होती, डोमा ढिवराची बायको. तिची तीन लेकरं वर्षाच्या आत गेली. चौथ्या वेळी पोटुशी असताना ती नदीत कमरेएवढ्या पाण्यात जाऊन उभी राहिली. काठावर फक्त म्हातारी सुईण होती, ठमाबाई. सायत्रानं हात जोडले आणि म्हणाली, "गंगामाय, माया घरी जल्मल ते जगू दे. तुया वाळूत जल्मल त्याले मी हात लावणार नाई."

वाळूत जन्मणारं म्हणजे कासव. साधं कासव नव्हे, मऊ पाठीचं. त्याच्या पाठीला ढालीसारखं कवच नसतं, ओल्या चामड्यासारखी पाठ असते, परातीएवढी. नाक नळीसारखं लांब. अंग वाळूत पुरून घेतं आणि नळी तेवढी पाण्याबाहेर काढून श्वास घेतं. तेव्हा ही कासवं या डोहात पुष्कळ होती, असं सांगतात. हिवाळ्यात माद्या वाळूवर चढत, खड्डा करून अंडी घालत आणि वरून वाळू ओढून निघून जात.

सायत्राला मुलगी झाली. नजर लागू नये म्हणून नाव ठेवलं कचरी. वर्ष गेलं, दोन गेली, कचरी वाळूवर दुडूदुडू धावू लागली. तिला चौथं लागलं त्या साली सायत्रा खड्डे खणत होती. पाण्याकडच्या शेवटच्या खड्ड्यात तिची कुदळ मऊ वाळूत गेली आणि हाताला अंडी लागली. पांढरी, गोल, गोट्यांसारखी. ओंजळभर निघाली, खाली आणखी ओंजळभर.

तिनं वाळू परत लोटायला घेतली होती, हे खरं. पण ओळीतली ती सगळ्यांत ओलीची जागा होती. त्या हिवाळ्यात जाळ्यालाही काही लागत नव्हतं, घरात नुसत्या आंबिलीवर दिवस चालले होते. आणि मग तिच्या मनात आलं, नवस तर पोरीसाठी होता, अन् पोर आता जगली.

बस, एवढंच आलं. अंडी टोपलीत गेली आणि खड्ड्यात बी पडलं.

दुपारी तिनं चुलीवर भांडं चढवलं. कासवाच्या अंड्याचं पांढरं कितीही उकळा, घट्ट होत नाही. सायत्राला ते माहीत नव्हतं. ती लाकडं सारत राहिली, पुनःपुन्हा एक फोडून बघत राहिली, आणि ते प्रत्येक वेळी तसंच पातळ. शेवटी तशीच मीठ लावून तिनं अंडी वाटायला काढली. शेजारणी आल्या. एक म्हणाली, "काहून व सायत्रे, पावणा येनार हाय का? आज लय हात सैल सुटला तुया!" सगळ्या हसल्या. कचरीनं दोन खाल्ली. ठमाबाईनंही एक खाल्लं. तिची नजर मंद झाली होती. "कोंबडी कदी पाळलीस व?" तिनं विचारलं. सायत्रा उठून पाणी आणायला गेली.

दुसऱ्या दिवशी उजाडताना ती वाडीत आली तर पाण्यापासून खड्ड्यापर्यंत वाळू घासत गेल्याचा माग होता, आणि तसाच परत. कासवीण एकदा अंडी घालून गेली की मागे फिरून बघत नाही, हे लहान पोरालाही ठाऊक. पण ही येत होती, म्हणे. रोज तो माग, आणि डोहात काठाजवळ पाण्यावर ती नळी. सायत्रा हातानं माग पुसून टाकी, कुणी बघायच्या आत.

आता आपल्यावर काय कोसळतं याची ती वाट बघू लागली. कचरी शिंकली की ती तिच्या कपाळाला हात लावून बघे. पोर पाण्याकडे गेली की ती हातातलं टाकून धावे. पण पोरीला काही झालं नाही. उलट गाल भरले तिचे. आणि त्या खड्ड्यातला वेल असा माजला की साऱ्या घाटावर तसा वेल नव्हता. त्याला एक टरबूज धरलं, ते दोन बायांनी उचलावं एवढं झालं. लोक म्हणू लागले, "सायत्रावर गंगामाय पावली." डोमा मिशीत हसे. सायत्राला वाटे, शिव्या द्या रे कुणीतरी.

चैत्रात पहिलं टरबूज काठावर कापायची रीत होती. एक फोड नदीला, बाकीच्या सगळ्यांना. त्या वर्षी मान सायत्राचा. टरबूज पाटावर ठेवलं, कुंकू लावलं, तिनं विळा घातला. साल फाटली आणि आतून सर्रकन वाळू सांडली. लाल नाही, पाणी नाही, एक बी नाही. कोरडी पांढरी वाळू, पाटावरून घरंगळत तिच्या पावलांवर आली.

मग सायत्रा वाळूत बसली आणि तिनं सगळं सांगून टाकलं. ज्यांनी अंडी खाल्ली होती त्या बायका तोंडाला पदर लावून उभ्या राहिल्या. तिनं ठमाबाईचे पाय धरले. "चार महिने वाट पायते मी, माय. गंगामाय मले शिक्षा काहून देत नाई? माई पोर काहून नेली नाई तिनं?"

म्हातारीनं पाय मागे घेतले. "तुयी पोर घेऊन काय करन ती?" ती म्हणाली. "तिले तिची पायजे."

सायत्रानं तो वेल त्याच दिवशी मुळासकट उपटला. खड्डा हातानं उकरून खतमाती काढली, खालची स्वच्छ वाळू वर आणली, समोरचं कुंपण उघडं केलं. पुढच्या हिवाळ्यात ती रोज पहाटे दूर बसून बघत राहिली. माग उमटला नाही. त्यापुढच्या हिवाळ्यातही नाही. डोमा म्हणाला, "पुरं कर आता, एक वेल लाव तिथं." ती म्हणाली, "नाई जी." कचरी मोठी झाली, लग्न होऊन नदीपल्याड गेली, बाळंतपणाला परत आली. सायत्रानं तोवर टरबुजाची फोड तोंडाला लावली नव्हती.

कचरीचं बाळ मांडीवर घेऊन ती वाडीत बसली होती, मृगाच्या आधीची सकाळ होती, तेव्हा खड्ड्यातली वाळू हलली. एक पिल्लू वर आलं, मग दुसरं, मग किती तरी. कासवीण केव्हा येऊन गेली, तिला कळलंच नव्हतं. पिल्लं उघड्या कुंपणातून पाण्याकडे निघाली. सायत्रा हात जोडून त्यांच्या मागे बघत होती, आणि तिला दिसलं की प्रत्येकाच्या पाठीवर चार गोल डोळे आहेत. तोंड पाण्याकडे, आणि पाठीवरचे डोळे तिच्याकडे. माणसाकडे पाठ फिरवली तरी माणूस दिसत राहावा म्हणून गंगामाईनं ते दिले, असं सांगतात. पिल्लू मोठं झालं की डोळे पुसट होतात.

सायत्रा तेव्हा रडली की हसली, ते कुणी सांगत नाही. तिनं बाळाचं तोंड पदरानं झाकलं, एवढंच सांगतात.

आता ती कासवं फारशी उरली नाहीत. घाटावर निम्म्याहून जास्त बायकांनी ती पाहिलेलीही नाहीत. तरी आजही इथे प्रत्येक वाडीत पाण्याकडचा खड्डा रिकामा सोडतात, आणि उजाडताना आधी तिथला माग बघतात, मग वेलांना पाणी घालतात. आजही चैत्रात पहिलं टरबूज कापताना विळा धरलेली बाई डोळे मिटून घेते. बाकीच्या वाकून बघतात. साल फाटल्याचा आवाज होतो, आणि तिचे डोळे मिटलेलेच असतात, जोवर त्यांतली एखादी म्हणत नाही, "उघड व माय. लाल हाय."