घाण्यावरचे दोन पंजे

फार फार मागची गोष्ट, बरं का. लाकडी घाण्याचं तेल सोडून दुसरं तेल कुणाला ठाऊक नव्हतं, तेव्हाची.

डोंगराखालच्या एका गावात गोमा आणि सटवा असे दोघे दोस्त होते. दोघांनी मिळून चिंचेचं खोड तोडलं, कोरलं, तेलाचा घाणा उभा केला. तेव्हा दोघंही सडेफटिंग. सटव्यानं घाण्यावर शेंदराचा पंजा उठवला, गोमानं त्याच्यावरच आपला पंजा दाबला. म्हणाले, "घाणा दोघांचा. आधी जाईल त्याचा हात सुटला. मागं राहील त्याचा सगळा घाणा." आणि खो खो हसले. त्या वयात मरण कुठं दिसतं!

पुढं लग्नं झाली, पोरंबाळं झाली. पंजा तसाच राहिला.

एका साली गोमाला ताप आला, तो उतरेचना. त्यानं सटव्याला निरोप धाडला, "मला घाण्यापाशी ने. तो शब्द सोडवू. माझा निम्मा घाणा माझ्या लेकींना राहू दे."

सटवा म्हणाला, "आज अमावस्या, उद्या बघू." दुसऱ्या दिवशी म्हणाला, "करडई गाळायचीय." तिसऱ्या दिवशी म्हणे बैल लंगडतोय.

त्याची बायको येसू सगळं बघत होती. बैल तर ठणठणीत होता. आपला नवरा दोस्ताच्या मरणाची वाट बघतोय?

तिनं ताटात भाकरी टाकली. "कोरडी खाता, की तेल वाढू? गोमाभावजींच्या पोरींच्या वाट्याचं?"

सटवा चिडला. "मी काय त्या पोरींना उपाशी ठेवीन?"

"तुम्ही नाही ठेवणार. तुमच्या माघारी आपला ल्योक ठेवील का, ते सांगा."

सटव्यानं हातातला घास ताटात ठेवला. तो उठून म्हाताऱ्या पाटलिणीकडे गेला. मागोमाग येसूही.

पाटलीण म्हणाली, "दोघांतल्या एकानं आपला पंजा वेगळा उठवला, की जुना शब्द सुटला. पण हात हलतोय तोवरच."

"मग घाणा काय मधोमध चिरायचा?"

"घाणा कशाला चिरतोस, बाबा? दिवस वाटा. एक पंधरवडा त्याच्या घरचा, एक तुझ्या घरचा."

सटव्यानं गोमाला पाठीवर घेऊन घाण्यापाशी नेलं. जुना शेंदूर खरवडला. शेजारी शेजारी दोन पंजे उठवले. जिवाचा घोर गेला म्हणून की काय, आठ दिवसांत गोमाचा ताप उतरला.

आणि त्याच पावसाळ्यात धट्टाकट्टा सटवा गवत कापताना साप चावून गेला.

तेराव्यानंतर येसू पोरांना घेऊन घाण्याकडे आली आणि लांबच उभी राहिली. जुना शब्द असता तर आज सगळा घाणा गोमाचा होता.

गोमानं बैलाचा कासरा तिच्या हातात दिला. "वहिनी, लांब का? आजपासून पंधरवडा तुमचा. जुंपा बैल."

येसूनं सटव्याच्या पंज्यावर हात ठेवला. पंजा मोठा होता. दोन्ही पोरांचे हातही त्यात मावले.

मग घाणा करकरू लागला. त्या घाण्याच्या तेलात दोन्ही घरचे सण तळले गेले, नातवंडांपर्यंत.

म्हणून सांगते, मिळून केलेल्या वस्तूत आपल्या माघारी कुणाचा वाटा, हे आपला हात हलतोय तोवरच ठरवून ठेवावं.