कासविणीची पुळण

फार पूर्वी, माणसांनी किनाऱ्यांना नावं देण्याआधी, कोकणातल्या एका पुळणीवर दरवर्षी एक कासवीण अंडी घालायला येई. तिला बघायला घाटावरून ससे आणि माकडं उतरू लागली, तेव्हा तुरतुऱ्या नावाच्या खेकड्याला पर्यटनाची कल्पना सुचली.

पहिल्या वर्षी त्याने पाहुण्यांसाठी केवड्याच्या पानांची दोन खोपटी बांधली. मग सगळ्याच खेकड्यांनी बांधली. चौथ्या वर्षी भरतीच्या रेषेपर्यंत वीतभर वाळूही मोकळी उरली नाही.

त्या वर्षी पहाटे कासवीण पाण्याबाहेर आली आणि थबकली.

"तुरतुऱ्यादादा, थोडी जागा द्याल का? अंडी आता थांबायची नाहीत," ती म्हणाली.

"ताई, हंगाम ऐन भरात आहे," तुरतुऱ्या अजिजीने म्हणाला. "एवढे पाहुणे कासव बघायला आलेत. त्यांना उठवू कसं? पावसाळ्यानंतर या, हवी ती जागा देतो."

 ती वळली आणि खडकांपलीकडची ओसाड पुळण शोधत पोहत निघून गेली.

सकाळी पाहुण्यांना ओल्या वाळूत तिचा माग तेवढा दिसला. ते कुरकुरू लागले. तुरतुऱ्याने लगबगीने मागाभोवती शंखांचं कुंपण घातलं आणि जाहीर केलं, "कासविणीच्या पाऊलखुणा! रांगेने या."

दुपारच्या भरतीत माग पुसला गेला, पण रांग वाढतच होती. मागचे पुढच्यांना विचारत होते, "दिसतंय का?" आणि पुढचे गंभीरपणे मान डोलावत होते.