फांदीवर न बसणारा पक्षी

पूर्वी अश्मक देशात सुवर्मा नावाचा राजा राज्य करीत असताना बोधिसत्त्वाने माळढोक पक्ष्यांच्या कुळात जन्म घेतला होता. नगरापासून लांब, पाऊस बेताचाच पडतो अशा पठारावर गवताचा अफाट माळ होता. तिथे तो आपल्या थव्यासह राही. देहाने भारी, मान उंच, आणि चालणं एखाद्या पोक्त कारभाऱ्यासारखं सावकाश.

राजा मनाने लोण्यासारखा मऊ होता. त्याची आई भद्रवती माहेराहून परतताना याच माळावरच्या वाटेत उन्हाने गेली. भोई सावलीसाठी चहूकडे धावले, पण झाड कुठून मिळणार? जाता जाता ती एवढंच म्हणाली, "या वाटेवर कुणीतरी सावली करा रे!" ते शब्द राजाच्या काळजात रुतले. आपण राजे असून आईला हातभर सावली देऊ शकलो नाही, या विचाराने त्याला अन्न गोड लागेना. शेवटी त्याने पण केला, की आईच्या नावाने सगळा माळच झाडांनी झाकून टाकीन.

मग काय विचारता! राजा बोले आणि दळ हाले. गवत उपटलं जाऊ लागलं, खड्डे खणले जाऊ लागले, गाड्या भरभरून वडापिंपळाची रोपं येऊ लागली. लोक म्हणू लागले, पुत्र असावा तर असा. आणि खरं सांगायचं तर त्यात खोट काढायला जागा तरी कुठे होती? झाडं लावण्यासारखं पुण्य दुसरं कोणतं?

माळावर मात्र हाहाकार उडाला होता. खोकडांची बिळं बुजली, चंडोलांची घरटी गवताबरोबर गेली, चिंकारे कुठल्या कुठे पांगले. त्यातच थव्यातल्या एका मादीने उघड्या जमिनीवर अंडं घातलं होतं. माळढोकाची मादी एका वेळी बहुधा एकच अंडं घालते, आणि त्या वर्षी सगळ्या थव्यात तेवढं एकच होतं. कुदळी आज ना उद्या तिथवर पोचणार होत्या.

"उडून जाऊ या," थवा म्हणाला.

"कुठे जाणार? उत्तरेला दाट रान, दक्षिणेला शेतं. दोन्हीकडे आपला निभाव लागायचा नाही. आणि अंड्याला का पंख आहेत?" बोधिसत्त्व म्हणाला. "राजा दुष्ट नाही. त्याला ठाऊक नाही, इतकंच. मी जाऊन सांगतो."

"अहो, रांधून खातील तुम्हाला!"

"खातील तर खातील," असं म्हणून तो चालू लागला.

माळाच्या कडेला नदीकाठच्या जुन्या वडाखाली राजाची छावणी होती. दुसऱ्या दिवशी पहिलं रोप तो स्वतः लावणार होता, आईच्याच तांब्यातलं पाणी घालून. तो तांब्या मांडीवर घेऊन बसला असताना समोरून हा पक्षी चालत आला. अमात्य वसुमित्राच्या तोंडाला पाणी सुटलं.

"महाराज, भाग्य पायांनी चालत आलं! याच्यासारखं मांस दुसरं नाही."

"पायांनी चालत येतो तो पाहुणा असतो, वसुमित्रा," राजा म्हणाला. "बोल पक्षिराजा, काय हवं तुला?"

"महाराज, आमचा माळ आम्हाला राहू द्या."

राजाला वाईट वाटलं. "अरे, झाडं लावतोय ती तुमच्यासाठीही ना? बसायला फांद्या होतील, खायला फळं होतील."

"गाढवाला गुळाची चव काय, महाराज!" अमात्य हसला.

बोधिसत्त्व शांतपणे म्हणाला, "मग मला या वडाच्या फांदीवर बसवा. मी तिथे टिकलो, तर माझा थवा आजच्या आज माळ सोडील."

सेवकांनी शिडी लावून त्याला उंच फांदीवर ठेवलं. त्याचे पाय सालीवरून घसरू लागले. त्याने मान ताठ धरली, अंग सावरलं, पण वाऱ्याची एक झुळूक आली आणि तो कोसळला. पारंब्यांच्या गुंत्यात त्याला पंख उघडता आले नाहीत. उजवा पंख बुंध्यावर आपटून मोडला, तो आवाज राजाने ऐकला.

राजा धावला. त्याला मांडीवर घेताना पक्ष्याचे पाय त्याच्या हातात आले. तीनच बोटं, तिन्ही पुढे वळलेली.

"तुझं मागचं बोट कुठे गेलं?"

"मला ते नाहीच, महाराज. ज्यांना फांदी धरायची त्यांना ते लागतं. आमचे वाडवडील पिढ्यान्‌पिढ्या या माळावर चालले, धावले. माळानेच आमचे पाय घडवले. तुम्ही ज्याला ओसाड म्हणता, ते आमचं भरलं घर आहे."

"पडणार हे माहीत होतं तुला?"

"होतं."

"मग बसलास कशाला रे वेड्या?"

"नुसतं सांगून तुम्हाला पटलं नसतं."

राजा ढसाढसा रडला. "पण मी आईला शब्द दिलाय!"

"आईने काय मागितलं होतं, महाराज?"

"या वाटेवर सावली..." राजा बोलता बोलता थांबला. वाटेवर. आईने सबंध माळ कधी मागितलाच नव्हता. दुःखाच्या भरात तिची लहानशी इच्छा त्याने स्वतःच एवढी वाढवली होती.

दुसऱ्या दिवशी आई जिथे पडली होती तिथे, वाटेच्या कडेला, त्याने तांब्यातलं पाणी घालून रोप लावलं. मग वाटेवर जागोजागी झाडं आणि पाणपोया झाल्या. माळावरचे खड्डे बुजले, हळूहळू गवत परतलं. अंड्यातून पिल्लू बाहेर आलं. बोधिसत्त्वाला पुन्हा उडता आलं नाही. तो पिल्लाबरोबर गवतातून चालत राही, आणि आयुष्य सरल्यावर कर्मानुसार पुढच्या गतीला गेला.

शास्त्यांनी, म्हणजे भगवान बुद्धांनी, ही कथा उत्तरक नावाच्या भिक्षूला सांगितली. रखरखत्या खडकावर टिटवीची अंडी उघडी पडलेली पाहून उत्तरकाचा जीव कळवळला होता. त्याने ती उचलून विहाराच्या कोनाड्यात मऊ कापसावर ठेवली होती, आणि तेव्हापासून टिटवी खडकाभोवती ओरडत फिरत होती.

"तेव्हाचा राजा सुवर्मा म्हणजे तू," शास्ता म्हणाले. "अंडं घालणारी मादी ती आजची टिटवी. आणि तो माळढोक मी होतो. उत्तरका, तुझी दया तेव्हाही खरी होती, आजही खरी आहे. पण ज्याच्यावर दया करायची, त्याचं घर कोणतं हे आधी पाहावं. करुणेला असे डोळे देते ती प्रज्ञापारमिता."

शेवटचे शब्द ऐकायला उत्तरक तिथे नव्हता. चीवराच्या पदरात अंडी घेऊन तो खडकाकडे निघाला होता, आणि टिटवी अजून ओरडत होती.