एका मताचे आभार

दोनशे वर्षांपूर्वी अमेरिकेतल्या एका नदीकाठच्या गावात सायलस थॉर्नबी नावाचा वकील राहत होता. त्या काळी तिकडचे वकील घोड्यावर बसून गावोगावच्या कोर्टात जात. सायलसची घोडी म्हातारी आणि शहाणी. सगळ्या वाटा तिला पाठ. त्यामुळे हा पठ्ठ्या खोगिरावर बसल्या बसल्या खुशाल पेंगायचा.

पेंगताना त्याला नेहमी एकच स्वप्न पडे. टेकडीवर पांढरीशुभ्र विधानसभा आहे, खिडक्यांतून कोवळं ऊन येतंय, आणि आपण आत उभे राहून बोलतोय. बारा वर्षं त्याने हे स्वप्न जिवापाड जपलं. शेवटी एकदाचा तो निवडणुकीला उभा राहिला.

समोर होते मेजर क्रॅबट्री. निम्म्या गावाची जमीन त्यांची. भारी तालेवार माणूस!

तेव्हा चिठ्ठ्या, पेट्या असलं काही नव्हतं. कोर्टापुढच्या हिरवळीवर टेबल मांडायचं, दोन्ही उमेदवारांनी तिथे बसायचं. मतदाराने पुढे येऊन आपल्या माणसाचं नाव मोठ्याने सांगायचं. ज्याला मत मिळालं त्याने उठून, टोपी काढून आभार मानायचे. अशी तिथली रीत.

दिवसभर नावं पुकारली गेली. उन्हं कलली, नदीवर धुकं उतरायला लागलं, तेव्हा दोघांची मतं बरोबरीत होती. आता एकच माणूस उरला होता, आमोस. हा मेजरांचं कूळ, त्यांचीच जमीन कसायचा. पण मागच्या वर्षी त्याच्या पोरावर घोडाचोरीचा आळ आला, तेव्हा सायलसनेच पोराला फासावरून सोडवलं होतं.

सायलस खुर्चीत पुढे सरकला. पांढरी विधानसभा अगदी हाताशी आली होती.

"बोल की आमोस," मेजर गोड हसून म्हणाले. "फक्त सामान बांधून ठेवलंस ना? माझ्या विरोधात बोलणारा माझ्या जमिनीवर राहत नाही."

आमोसला धमकी बरोबर कळली. पण भला माणूस तो! मान ताठ करून म्हणाला, "वकीलसाहेब, तुम्ही माझं पोर वाचवलंत. मी तुमचंच..."

सायलसचं लक्ष हिरवळीच्या कडेला गेलं. तिथे आमोसची बायको तान्हं मूल घेऊन उभी होती. तिने डोळे गच्च मिटून घेतले होते.

"थांब आमोस!" सायलस म्हणाला. "मी पडलो तरी मला घर आहे. तुझं जाईल. मेजरांचं नाव घे."

"पण साहेब..."

"घे म्हणतो ना!"

आमोसने रडत रडत मेजरांचं नाव घेतलं. सायलस एका मताने पडला. मेजर आभार मानायला उठणार, तोच सायलस उभा राहिला. त्याने टोपी काढली. म्हणाला, "आमोस, आभारी आहे रे."

मग एकेक माणूस टोपी काढू लागला. मेजरांना मत दिलेलेसुद्धा. मेजरांचे आभार ऐकायला मात्र कुणी थांबलं नाही.

सायलस घोडीवर बसून घरी निघाला. वाईट वाटत होतं. का वाटणार नाही? थोडा रडलाही. मग नेहमीसारखी डुलकी लागली. आज टेकडीवरची ती इमारत काही दिसेना. दिसलं एक बैठं घर आणि त्याच्या धुराड्यातून निघणारा धूर. जाग आली तेव्हा घोडी आमोसच्या घरावरून चालली होती, आणि धूर खराच होता.

तात्पर्य: आपलं स्वप्न पुरं व्हायला दुसऱ्याचं घर मोडावं लागत असेल, तर ते स्वप्न खुशाल सोडून द्यावं.